अकरा पानं

फॉर्म अकरा पानांचा, इंग्रजीत.
माझं काम एवढंच, की तो आमच्या बोलीत आणायचा
आणि सरोवराकाठच्या बायांच्या कानांपर्यंत पोचवायचा,
वाटेत काही न सांडता.

'ताप' सोपा गेला. 'सुई' त्याहून सोपी.
'रक्त, दोन चमचे' म्हटल्यावर मागून कुणीतरी विचारलंच,
कुठला गं चमचा, चहाचा की उगाली घाटायचा?
हसलो सगळ्या.

पान सातवर माझी होडी गाळात रुतली.
निम्म्या पोरांना औषध,
निम्म्यांना औषधासारखं दिसणारं पाणी,
आणि कुणाला काय ते आईला कळणार नाही,
मला नाही, खुद्द डॉक्टरांना नाही.
ठरवणार रॉटरडॅममधलं एक यंत्र.
जाणूनबुजून न कळू देणं,
याला मला एकच शब्द सुचला,
आणि तो आम्ही चोरांसाठी वापरतो.

डॉक्टर फेन्स्ट्रा भला माणूस,
पोरांची नाकं स्वतःच्या रुमालाने पुसणारा.
म्हणाला, 'नाणेफेक म्हण, पामेला.'
म्हटलं. फुटबॉल सगळ्यांना कळतो.

रिस्पा अडोंगो मासळी उलटीपालटी करत होती,
चांदीच्या चुऱ्यासारखी ती ओमेना, जुन्या जाळ्यावर पसरलेली.
'आणि माझ्या ओकिंदाला पाणी आलं तर?'
मी फॉर्म वाचला : तर त्याला आज मिळतात तेच उपचार मिळत राहतील.
'आज काय मिळतं?'
याचं उत्तर अकरा पानांत नव्हतं.
दवाखाना एकोणीस किलोमीटर,
मोटारसायकलवाला रात्री दुप्पट मागतो,
हे तिला ठाऊक होतं, मलाही.

आंगठा उठला. थोडा तिरका.
शाई धुवायला साबणाची वडी, वाटखर्चाला चारशे शिलिंग.
वडी तिने हुंगली आणि पदरात बांधली,
शाई तशीच राहिली चार दिवस.
आंगठा औषधासाठी होता की साबणासाठी
हे लिहायला रकाना नाही.

सतराव्या महिन्यात ओकिंदा गेला.
दोन दिवसांचा ताप, एक रात्र, मोटारसायकल मिळाली नाही.

मग पाकिटं फोडली.
भिंतीवर दोन रेषा दाखवल्या, औषधाची खाली, पाण्याची वर,
मधे एवढी फट की माझा हात जाईल.
टाळ्या वाजल्या. मीही वाजवल्या,
कारण औषध खरंच औषध निघालं होतं,
आणि ते कळलं
पाणी मिळालेल्या पोरांमुळे.
हे वाक्य मी कितीदा उलटं करून पाहिलंय,
ते प्रत्येक बाजूने खरंच निघतं.
वरच्या रेषेवर एक ठिपका तिरका वाटला मला.
भास असेल.

निरोप घेऊन मीच गेले.
'पाणी होतं,' म्हटलं.
ती बराच वेळ मासळी निवडत राहिली, खडे बाजूला, शेपट्या बाजूला.
धाकटीला आता औषध मिळेल, म्हटलं, पक्कं, नाणेफेक नाही.
'मिळू दे,' म्हणाली.
रागावली असती तर मला घरी जाता आलं असतं.

मग विचारलं तिने,
'त्याचं ते दोन चमचे रक्त?'
पान दहा. नमुने पंधरा वर्षं, उणे ऐंशी अंशांत,
पुढच्या संशोधनासाठी.
'ठेवलंय,' मी म्हटलं, 'तिकडे. बर्फापेक्षा गार असतं.'
'थंडी सोसायची नाही त्याला.'
आणि जरा थांबून :
'पण सांभाळतात ना?'

'ठेवणे' हा शब्द मीच निवडला होता त्या पानासाठी.
तिने तो आपल्या घरातला करून घेतला,
पाहुण्याच्या लेकराला ठेवून घेतात तसा.
पंधरा वर्षांनंतरचं काय, ते पुढच्या ओळीत आहे.
ती ओळ मी वाचली होती तिला, नियमाप्रमाणे, तेव्हा.

'सांभाळतात,' मी म्हटलं.