पोटखराबा

सातबाऱ्यावर एक रकाना असतो:
लागवडीस अयोग्य. पोटखराबा, वर्ग अ.
तेवीस वर्षं हा शब्द मी लिहीत आलो,
पोटाचा विचार न करता.

गट नंबर दोनशे अठरा.
वडाळ्याच्या पुढं, डांबरी सुटते तिथून
चार किलोमीटर नुसता माळ.
एप्रिलचा शेवट, सकाळचे नऊ,
आणि रोव्हरची काठी हाताला भाजते.
पूर्वी साखळी होती, दोन माणसं लागायची,
एक ओढायला, एक शिव्या द्यायला.
आता वरून उपग्रह सांगतो
मी कुठं उभा आहे.
कशावर, ते सांगत नाही.

कंपनीच्या शेटे मॅडम नकाशा घेऊन उतरल्या.
माझ्या थोरलीच्या वयाची पोर,
उन्हानं नाक सोललेलं.
म्हणाली, काका, इथं चाळीस मेगावॅट.
मग दक्षिणेला बोट केलं.
औष्णिकची धुरांडी इथून दिसत नाहीत,
पण दोघांनाही ठाऊक होतं बोट कशाकडं आहे.
ते जाळण्यापेक्षा हे बरं ना?
बरंच की, म्हणालो.
मनापासून म्हणालो.

पूर्व भागात माझ्या भावाचे आठ माग आहेत.
टॉवेल निघतात.
बिल आलं की नरसिंगअण्णा ते आधी देवापुढं ठेवतो,
मग तेलुगूत जे म्हणतो
ते मी पोरांना मराठीत सांगत नाही.
लाईट गेली की आठही माग एकदम गप्प,
आणि सगळं घर जागं होतं.
आम्ही खटखटीवर वाढलेली माणसं,
शांततेत आम्हाला झोप येत नाही.

मायाक्का हाके मेंढरं घेऊन आडवी आली.
काय मोजायलाव सायेब?
जमीन.
कसली जमीन?
पडीक.
तिनं मेंढरांकडं बघितलं, मग माझ्याकडं.
मंग ही दीडशे काय वारं खाऊन जगली व्हय?
आणि काठीचं टोक टेकवत चालत गेली:
ही पवन्या. ही मारवेल. ही कुसळी,
ही वाळली तरी गोड लागती, ही नुसती कोकरांची.
माझ्या वहीत त्या सगळ्यांना मिळून
एकच शब्द होता.

तिचा धाकटा तोवर मॅडमना विचारत होता
वॉचमन घेणार का, महिन्याला किती.
तिनं ऐकलं.
काठी या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतली.
नको, असं काही ती म्हणाली नाही.

चौदाव्या बिंदूपाशी टिटवी अंगावर आली.
डोक्यावरून एकदा, कानापासून एकदा,
मग पुढं पडून पंख मोडल्याचं सोंग.
पायापाशी बघितलं तर
खड्यांत खडे, चार,
टोकं आतल्या बाजूला जुळवलेली
जशी कुणी आखून ठेवावीत.
कुंपणाचा खांब बरोबर तिथंच होता.

मी काठी दीड हात पश्चिमेला रोवली.
यंत्रानं काही विचारलं नाही.

दीड हातानं काय होतं?
महिन्याभरात पिल्लं चालती होतील,
नाहीतर खोकड घेऊन जाईल,
आणि खांब यायचा तेव्हा येईल.
सगळं माहीत असून
तेवीस वर्षांत पहिल्यांदा मी चुकीचं मोजलं
आणि दिवसभर
चोरी केल्यासारखा हलका चाललो.

दुपारी ऑफिसात नक्कल केली.
पोटखराबा लिहिलं. शेऱ्यात लिहिलं: गवत आहे.
अवटे म्हणाला, हे काय, चिलवेरी?
म्हटलं, आहे ते.
असलं लिहायला रकाना नसतो.
शेरा म्हणून राहू दे.
राहू दे तर राहू दे, पण वरचे विचारतील
किती गवत, कुणाचं, किंमत किती.

त्याचं चूक नव्हतं.
मी आकडा शोधत होतो
तेवढ्यात लाईट गेली.
पंखा फिरत फिरत थांबला,
कागद आपापल्या जागी बसले,
आणि आम्ही दोघं कपाळ पुसत
तिची वाट बघत राहिलो.