निशाणी सतरा

सोसायटीचं इतिवृत्ताचं पुस्तक कोर्टात गेलं,
ते मीच बांधून दिलं होतं,
महाद्वार रोडच्या साडीच्या पिशवीत,
वर तीन पावतीबुकं, सुतळीनं.
वकिलाचा पोरगा ते पुढ्यात घेऊन
मोटरसायकलवर कळंब्याकडनं खाली उतरला.
तेव्हापासून आमच्या चोवीस फ्लॅटांत
अधिकृत असं काही घडलेलं नाही.

मी मुजावर. अर्धवेळ लेखनिक, महिना अठराशे.
संचालक मंडळाच्या निवडणुकीत
आवटींचा अर्ज छाननीत उडाला:
थकबाकी, पाणीपट्टी, रुपये तीनशे चाळीस.
आवटी म्हणाले, भरलेत की. ही पावती.
पावती होती. अक्षर माझं.
तारीख मात्र १ म्हटली तर १,
९ म्हटली तर ९.
छाननी पाच तारखेला.

एवढ्यावर चार वर्षं.

मगदूमांच्या वकिलानं भिंग आणलेलं.
"बाई, हा एक आहे का नऊ?"
मी म्हटलं, साहेब, त्या दिवशी गॅसवर दूध होतं.
कोर्ट हसलं.
लिहून घेणाऱ्यानं तेवढं लिहून घेतलं नाही.

घरी येऊन मी पेपरच्या कडेला
एक काढले, नऊ काढले, रात्रभर.
माझे एक जरा वाकून उभे राहतात.
माझे नऊ आळशी आहेत,
पोट पुरतं भरत नाहीत.

मधल्या काळात प्रशासक आला. दर गुरुवारी यायचा,
चहा घ्यायचा, शिक्का विसरायचा.
टाकी गळायला लागली.
प्लंबरच्या कोटेशनवर सही कुणाची,
हा प्रश्न उपनिबंधकांकडं गेला
तो तिथंच राहिला. पाणी जिन्यानं खाली आलं.
पंधरा ऑगस्टला झेंडा एक, नारळ दोन.
मगदूम आणि आवटी एकाच तालमीतले,
म्हणून सोडवायला कुणी मध्ये पडलं नाही.
निकाली होईल म्हणाले सगळे.
ती तारखांवर तारखांत
नुसती खडाखडी करत राहिली.

आवटी गेले ते लिफ्ट बंद होती त्या दिवशी.
दुरुस्तीचा ठरावही पुस्तकाशिवाय अडलेला.
चौथ्या मजल्यावरून त्यांना
खुर्चीत बसवून उतरवलं,
खुर्चीचा पुढचा पाय
भूपाल मगदूमांच्या हातात होता.
पंचाहत्तरीचा माणूस. दम लागला,
पण पाय सोडला नाही.

पार्किंगमध्ये शोकसभा. बावीस जण, कोरम भरला.
शोकप्रस्ताव लिहायचा तर पुस्तक कुठाय?
पुस्तक निशाणी सतरा.
मी लाईट बिलाची मागची बाजू घेतली.
"सूचक?" विचारलं तर मगदूम उठले,
काही तरी बोलायला गेले,
आणि म्हणाले, "सूचक मी. लिवा."
तारीख मी अक्षरात लिहिली.
आता मी तारखा अक्षरातच लिहिते.

तिसऱ्या दिवशी वकिलाचा फोन:
वारस रेकॉर्डवर घ्यायचे का?
मुलगा म्हणाला, तीनशे चाळीस रुपयांचा वारस
व्हायला मला पुण्याहून रजा मिळत नाही.
तेवढ्यात सुमित्राबाई आतून बाहेर आल्या,
हात ओला, पदराला पुसत.
"घ्या मला. पैसे मीच भरलेते, माझ्या बटव्यातनं.
ह्यांना वेळ कुठं होता.
त्या दिवशी संकष्टी होती, मुजावर वहिनी,
मी तुमच्याकडचा चहा सुद्धा घेतला नाही,
दूध उतू गेलं बघा तुमचं."

चार वर्षांत एकानंही
त्यांना समन्स काढलं नव्हतं.

त्या वर्षीचं कॅलेंडर माझ्याकडं आहे.
त्यात संकष्टीला लाल चंद्र असतो.
पिठाच्या डब्याखाली अंथरलंय ते,
मुंग्या येऊ नयेत म्हणून.
पुढची तारीख अठ्ठावीस.
काल डबा अर्धा झाला.
मी वरून आणखी पाच किलो ओतलं.