तीन सेकंद

नियम असा आहे:
मूल शब्दापाशी अडलं, तर तीन सेकंद थांबायचं,
मग शब्द आपणच सांगायचा, त्यावर तिरकी रेघ मारायची
आणि बोट पुढच्या शब्दावर न्यायचं.

अकरावं वर्ष माझं, टू हार्बर्सच्या शाळेतल्या या कपाटवजा खोलीत.
खिडकीतून धक्का दिसतो,
लोहखनिजाची जहाजं जानेवारीत बर्फात रुतलेली.

समोर आर्लो लक्कोनेन. तिसरी. कानटोपी काढत नाही.
उतारा बीव्हरचा: बीव्हर धरण बांधतो, वगैरे.
मी म्हणते, "कर सुरू," स्टॉपवॉच दाबते,
आणि पोरगं गार पाण्यात ढकलल्यासारखा श्वास धरतं.

पहिली ओळ बरी जाते.
दुसरीत ती तीन भावंडं उभी: थ्रू, थॉट, दो.
चेहरेपट्टी एक, आवाज तिघांचे तीन,
आणि घरात अशी अक्षरं, जी पंगतीला बसतात पण तोंड उघडत नाहीत.
बोट थांबतं.
एक.
ओठ हलतात.
दोन.
जीभ पडक्या दाताच्या फटीत, शब्द अगदी
तीन.
"थॉट," मी म्हणते.
तो माझ्याकडे बघतो,
पुढ्यातलं ताट कुणी ओढून घ्यावं तसा.

मिनिटात अडतीस बरोबर, सहा चूक.
अपेक्षा नव्वदीच्या घरात.
आलेखावर मी ठिपका ठेवते, रेषेच्या बराच खाली,
रस्त्यात कुणाचा तरी पडून राहिलेला हातमोजा.

अडतीसात हे येत नाही,
की बीव्हरनं शेपटी आपटली तिथं तो फिसकन हसला
आणि त्यात दोन सेकंद गेले.
टॅन्सी एकशे बारा वाचते, स्वल्पविराम तुडवत,
आणि धरण कुणी बांधलं विचारलं तर म्हणते, "कुठलं धरण?"
तिचं नाव फलकावर आहे. मीच लावलंय.

तरी आकड्याला शिव्या घालणार नाही मी.
थर्मामीटरनं ताप आणलेला नसतो.
आकडा नसता तर याला 'लाजाळू' म्हणत
चौथीत सरकवलं असतं, पाचवीत,
तिथून पुढे लाजाळूपणाच कामाला आला असता जन्मभर.

बाप आला सभेला. डेल. जहाजाच्या इंजिनखोलीत कामाला,
हिवाळाभर घरी.
आलेख पाहिला, टोपी गुडघ्यावर ठेवली, म्हणाला,
"मी किती वाचतो, मोजता?"
मी हसण्यावारी नेणार होते. तो हसत नव्हता.
बीव्हर पुढे केला. घड्याळ लावलं नाही.
त्यानं बोट ठेवलं, नखात ग्रीस,
आणि दुसऱ्या ओळीत, त्याच भावंडांपाशी, थांबला.
एक, दोन, तीन. चार.
सात.
मी गप्प.
"थॉट, डॅड," आर्लो हळूच म्हणाला.
"थॉट," बाप म्हणाला, आणि पुढे गेला.

मग फेब्रुवारीभर, रात्रीच्या जेवणानंतर,
एकच उतारा चारदा. आधी मुलगा, तीच ओळ बाप, मग दोघं मिळून.
सुटे दाणे वेचायचे नाहीत, मी सांगितलं होतं,
घासाघासानं वाचा. पेन्सिलीनं घास पाडून दिले होते.
वहीत रोज दोन सह्या. एकदा वहीवर सूप सांडलेलं.
एका शनिवारी काहीच नाही, फक्त: 'भांडलो'.

मार्च सरता सरता बर्फ कडाडत फुटलं.
डेलचं जहाज निघायच्या दिवशीच चाचणी आली.
उतारा नवा, पण पाणी आणि धरण याच्यातही होतं.
एकसष्ट निघाले शेवटी. अजून रेषेखालीच.
मध्ये एका लांबलचक शब्दावर तो अडला.
एक, मी मनात म्हटलं. दोन.
तोंड उघडणार, तर त्यानं पंजा वर केला,
रस्ता ओलांडताना गाडी थांबवावी तसा.
पाचव्या सेकंदाला शब्द आला. अख्खा.

मी रेघ मारली. नियम तो नियम.
आणि रेघेच्या कडेला, अगदी बारीक, लिहिलं: पाच.
कुठल्याच रकान्यात बसत नाही ते.

बाहेर भोंगा झाला, एक लांब, दोन आखूड.
आर्लोनं मान वर केली नाही.
घड्याळ केव्हाच थांबलं होतं,
धरण अजून अर्धं होतं.