हातचा एक

नऊ आणि सात सोळा. सोळाचे सहा, हातचा आला एक.
अकरा वर्षं मी तो हातचा होतो
गुलवेन केर्मारेकचा.
बाकावर, कोट गळ्यापर्यंत ओढून,
गुडघ्यांवर कोरडे हातमोजे.

त्याची आई दुआर्ननेच्या कारखान्यात
सार्डिन डब्यात भरायची,
डोक्याकडे शेपूट, शेपटीकडे डोकं,
मिनिटाला किती ते तिलाच ठाऊक.
हात तिचेच उचलले त्याने: रुंद, थंड, न घसरणारे.
डावी करंगळी तीनदा मोडली,
तिसऱ्यांदा डॉक्टरनेच हात टेकले.
तेव्हापासून ती वेगळ्याच गावाला निघाल्यासारखी.

आमचा गोल झाला की सगळे त्या टोकाला,
एकमेकांच्या अंगावर.
हा इकडे एकटाच. खांबाला थोपटायचा,
घोड्याला थोपटावं तसा.
मी बाकावरून बघायचो.
मैदानात दोनच माणसं,
आनंदात नेमकं कुठे उभं राहावं हे न कळलेली.

चषकाची उपांत्य फेरी, अठ्ठ्याऐंशीवं मिनिट, कॉर्नर.
गोलकीपरला आयुष्यात एकच प्रश्न असतो:
बाहेर यायचं की थांबायचं.
तो आला. अर्धाच.
त्या अर्ध्यावर वर्तमानपत्रांनी आठवडा काढला.
चारशे बारा सामने खेळला तो;
बाजारातली पाववाली अजून तो एकच विचारते,
सुटे पैसे मोजता मोजता.

माझा सामना? सांगतो.
मार्च महिना, परगावचं मैदान, दाट धुकं.
त्याची करंगळी मोडल्याची ती दुसरी खेप.
एकोणीस मिनिटं मी गोलात उभा होतो.
चेंडू आलाच नाही.
एकदा आमचा बचावपटू मागे देणार होता,
पण माझ्याकडे बघून त्याने विचार बदलला.

गुडघे गेल्यावर तो प्रशिक्षक झाला.
फोन आला: "लकॉर, सगळ्यांत जास्त सामने तू पाहिलेस. ये."
खिळे-स्क्रूचं दुकान बायकोवर सोपवून मी गेलो.

मैदानाच्या कडेला आखलेला असतो एक पांढरा चौकोन,
प्रशिक्षकाने ओलांडू नये असा.
इतरांना तो काचतो. ह्याला घरचा वाटायचा.
टाचेने मधोमध चर पाडायचा, जुनी खोड.
संघ पुढे चढला की हा वळून
आपल्याच गोलकडे बघत राहायचा.
टीव्हीवाले म्हणत, सावध माणूस.
भित्रा, असंही म्हणत काही.

शनिवारी नावं वाचायची ती रीत त्याचीच:
आधी राखीव गोलकीपर. मग बाकीचे.
कारण कुणी विचारलं नाही. मीही नाही.
मी बुटाच्या नाड्या बांधत राहिलो,
बांधलेल्याच.

चार शहरं, चार हकालपट्ट्या.
एकदा पत्राने.
एकदा नोव्हेंबरात रेडिओवर, आम्ही गाडीत असताना;
त्याने आवाज कमी केला आणि पेट्रोल भरायला थांबला.
एकदा का ते अजून कळलेलं नाही.
शेवटच्या अध्यक्षाने कालवं खाऊ घातली,
लिंबू स्वतः पिळलं, मग सांगितलं.
आम्ही दोघांनी बारा-बारा संपवली.
टाकायची कशाला.

आता बुधवारी दुपारी, शाळा नसते तेव्हा,
त्रेबूलच्या वाळूत, ओहोटी बघून, तो पोरांना शिकवतो.
दोन काठ्या रोवल्या की झाला गोल.
परवा एनोरा नावाची पोरगी,
बापाचे हातमोजे मनगटाला दोरीने आवळलेले,
विचारू लागली, "बाहेर नेमकं कधी यायचं?"
तो पाण्याकडे बघत राहिला, इतका वेळ
की दुसऱ्या पोराने चेंडू मारला आणि गोलही झाला.
तिने वाळू झटकली.
उत्तराचा नाद सोडून माझ्याकडे बोट केलं:
हे आजोबा कोण?

"हा?"
वाकडी करंगळी माझ्या दिशेला वळली.
"ह्याच्यावर आजवर एकही गोल झालेला नाही."