सामाईक मोहोर

त्र्यंबक रोडवर, सातपूरच्या अलीकडे, दुसऱ्या मजल्यावर
मी कंपन्या जन्माला घालते,
कधीकधी मारते.
पाटीवर लिहिलंय कंपनी सेक्रेटरी,
तरी शेजारचा दातांचा डॉक्टर अजून विचारतो,
‘तुमचे साहेब आले का?’

आज याकूबभाई कोकणी आलेत,
कापडी पिशवीत काहीतरी जड घेऊन.
वैनतेय स्प्रिंग वॉशर्स प्रायव्हेट लिमिटेड.
जन्म त्र्याऐंशीचा. बाप दोन :
एक हे, दुसरे दिगंबर क्षेमकल्याणी.
घटनापत्रावर दोघांच्या सह्या, दहा-दहा शेअर,
साक्षीदार गेटसमोरचा चहावाला.

तेव्हाचा कायदा जाडजूड, संशयी.
काय करणार ते आधी लिहून द्या,
लिहिलं नाही ते करू नका.
म्हणून यांनी बावीस कलमं लिहून ठेवली :
वॉशर, नट, बोल्ट, त्यास आनुषंगिक सर्व,
आणि वकिलाच्या आग्रहाखातर जहाजबांधणी.
गोदावरीत. जहाज.
तरी कुंभाच्या साली तपोवनात
पाण्याचा एक टँकर पाठवायचा म्हटला
तर ऑडिटर म्हणाला, हे कलमात बसत नाही.
टँकर गेला. पैसे दोघांच्या खिशातून गेले.
आता नवा कायदा मोठ्या कंपन्यांना स्वतःच सांगतो,
नफ्यातले दोन टक्के समाजाला द्या
आणि दिल्याचा फॉर्म भरा.

ती व्यक्ती आहे, आमचे सर शिकवायचे.
नाव आहे, पत्ता आहे,
दावा लावते, दाव्याला उभी राहते.
पोट नाही, पाठ नाही, मारणार कुठे?
तिचं कर्ज तिचं, तुमचं घर तुमचं,
मधे एक पडदा.
मर्यादित म्हणतात ते हेच.
परीक्षेत याला पाच मार्क होते.
बँकेच्या मॅनेजरनं पडद्याला हातही लावला नाही.
वैयक्तिक हमीचा कागद पुढे सरकवला,
आणि शहाण्णव साली याकूबभाईंचं कोकणीपुऱ्यातलं घर
अकरा महिने बँकेच्या कपाटात झोपलं.

चार वर्षांपूर्वी दिगंबरराव गेले.
रामकुंडावर उपाध्यायांनी लाल कापडातली वही सोडली,
पणजोबा, आजोबा, वडील,
आणि खालच्या कोऱ्या जागेत हे.
त्याच आठवड्यात मीही वही उघडली.
ठराव चार : संचालकांच्या निधनाची नोंद दुःखपूर्वक घेण्यात आली.
ठराव पाच : वॉशरच्या दरात साडेतीन टक्के वाढ.
माणसं गेली तरी ती जात नाही, हे तत्त्व.
त्या दिवशी टाइप करताना
चार आणि पाचच्या मधे मी एक ओळ जास्त सोडली.

आता ऑर्डर नाहीत. मशीन विकली, देणी फिटली.
दिगंबररावांची शाल्मली पुण्याहून संगणकावर सही करते,
याकूबभाई इथे, माझ्या समोर.
नाव रजिस्टरमधून काढावे, ही विनंती.
मी बटण दाबलं.
पंखा फिरत होता.
‘झालं?’
‘अर्ज गेला. नोटीस निघेल, कुणाची हरकत नसेल तर संपेल.’
‘आणि मग काही करायचं असतं? तेरावं-बिरावं?’
‘काही नाही. देणं निघालंच कुणाचं, तर जबाबदारी सुटत नाही.
आणि वीस वर्षांत न्यायाधिकरणाला पटलं
तर परत जिवंत होऊ शकते.’
ते इतके हसले की चष्मा काढावा लागला.
‘हे दिगूला सांगायला हवं होतं.
त्याला असली सोय फार आवडली असती.’

मग पिशवीतून मोहोर निघाली,
भद्रकालीत घडवलेली, काळी, दांड्याची.
पंधरा सालापासून कायद्याला तिची गरज नाही,
ठेवली तर ठेवा, नाहीतर नका.
त्यांनी माझ्या टेबलावरचा कोरा कागद घेतला
आणि उभं राहून दांडा दाबला.
शाई नाही. फक्त कागद वर आलेला, गोल.
अंगठ्यानं वाचत गेले.
नाशिकमधला ‘शि’ पहिल्यापासूनच बसका होता म्हणाले,
दिगू म्हणायचा, बदलून घेऊ.

‘वह्या आठ वर्षं सांभाळायच्या,’ मी म्हणाले.
‘मला अठ्ठ्याहत्तर चालू आहे.’
‘घरच्या कुणाला सांगून ठेवा.’
त्यांनी मोहोर पुन्हा पिशवीत घातली.
‘ती नसली तरी चालते, याकूबभाई. कायद्यात फक्त वह्या आहेत.’
‘असू दे,’ म्हणाले,
‘वह्यांवर वजन लागतंच.’