करंट गेला की

वडगावात करंट गेला की
आधी ऐकू येते शांतता,
मग परशाची शिवी,
मग गल्लीतल्या कुणाच्या तरी कुकरची तिसरी शिट्टी.
चाळीस माग एकदम गप्प.
धोटा ताण्यात अर्ध्यावर अडकलेला,
आणि मी बॉबिनच्या पेटीखालून पुस्तक काढतो.

"काय वाचूलालास बे?" सिद्रामअण्णा विचारतात.
काय सांगणार?
मागच्या मंगळवारी मधमाश्या होत्या.
त्याआधी दातांची निगा,
त्याआधी एका नाटकाचा दुसराच अंक.
पहिल्यात कुणी कुणाला फसवलं माहीत नाही,
पण दुसऱ्यात सगळे रडत होते.
मीही, थोडा.

बाबाजान तहसीलदाराच्या रद्दीत
सगळं एकाच भावानं जातं, चौदा रुपये किलो.
जाड कादंबरी महाग पडते,
कविता जवळजवळ फुकट;
तीन पुस्तकं ठेवली तरी काटा हलत नाही.
"ने की मर्दा, वजनच नाही त्याला."
चूक बोलतो तो. त्यातली एक ओळ
मी आठ दिवस वाहतोय.

घरी फळीवर आता भूतकथा,
तिला टेकून उसावरची कीड,
कुण्या बाईचं हिमालयातलं पायी चालणं,
आणि एक ग्रहगोल, ज्यात अजून नऊ ग्रह आहेत.
बायको म्हणते, झुरळं होतील.
होऊ देत. तीही माझ्यासारखीच,
मिळेल ते खाणारी.

मग तो खून आला.
मुखपृष्ठावर हिरवा दिवा, अंगठी नसलेला हात.
अकरा वेळा करंट जाऊन मी पोचलो
दोनशे सातव्या पानावर.
इन्स्पेक्टर रणदिवे सगळ्यांना खोलीत बसवून म्हणतात,
"खुनी इथंच आहे, आपल्यात"
आणि पुढं दोरा. नुसता शिवणीचा दोरा.
पानं कुणी भडंग बांधायला नेलेली.

दोन महिने मी सगळ्यांवर संशय घेतला.
डॉक्टर. पुतण्या. मुकी स्वैपाकीण.
एका साडीचा काठ चुकला, अण्णांनी पैसे कापले.
मला वाटलं, पुतण्याच.

परवा बाबाजानच्या ढिगात
तोच हिरवा दिवा. तोच हात.
वरची अक्षरं कानडी.

कानडी मी बोलतो. बाजारात, दवाखान्यात,
सासुरवाडीला गोकाकात तर भांडतोसुद्धा.
वाचत नाही.
पाट्या बदलल्या, फासल्या, पुन्हा रंगवल्या,
मी कंडक्टरच्या तोंडाकडं बघून बस ओळखत आलो.
रागानं नाही.
हां, थोडं रागानंही. बाप मोर्च्यातला माणूस.

शाकू पाचवीत आहे, कानडी शाळेत;
शाळा जवळ होती म्हणून.
तिला म्हटलं, शेवटचं तेवढं वाचून दाखव.
म्हणाली, नाही. तूच वाच. अक्षरं मी सांगते.

आपली अक्षरं दांडीवर वाळत घातलेल्या सुतासारखी,
एका रेघेला लोंबणारी.
ही सुटी सुटी,
प्रत्येकाच्या डोक्यावर आपापली बारकी गाठ.
को. ले. गा. र.
तोंडात कितीदा आलेला शब्द,
डोळ्यांना पहिल्यांदा दिसला.

रणदिव्यांचे इथं देसायर झालेत,
मुक्या स्वैपाकिणीचा मुका माळी,
पण घड्याळ तेच, पावणेचारला बंद पडलेलं.
मग खुनी तरी तोच असेल का?
की मुलूख बदलला
की गुन्हाही दुसऱ्याच्या नावावर?

नऊ पानं. एका करंटला अर्धं पान.
काल शेवटून दुसऱ्या ओळीवर बोट होतं,
"यारु", कोण,
आणि करंट आला.
चाळीस माग एकदम सुरू.
एकोणचाळीस.
अण्णा काहीतरी ओरडले, ऐकू आलं नाही.
माझं बोट पुढच्या अक्षरावर होतं,
आणि ते शाकूनं
अजून शिकवलेलं नव्हतं.