नोंदवहीत सहा नंबर

असोसिएशनच्या नोंदवहीत मी बावीस हंगाम लिहिले.
निळ्या शाईनं नावं, तांबड्या शाईनं कार्डं.
गोल कुणी मारला, कितव्या मिनिटाला,
रेफ्री कोण, निषेध कुणाचा, खुर्च्या किती मोडल्या.
एवढेच रकाने. छापखान्यातून तसेच यायचे.

काळकाई तालमीचा सहा नंबर, दस्तगीर मणेर.
एकोणीस हंगाम. गोल चार.
त्यातला एक गुडघ्याला लागून गेलेला,
त्याचा त्यालाच पत्ता नव्हता,
पोरांनी उचलला तेव्हा म्हणाला, "काय झालं रं?"

वही सांगत नाही की
उद्यमनगरात रात्रपाळीला साचे भरून
तो मैदानावर यायचा तेव्हा
नखांत काळी वाळू असायची,
आणि बूट चढवण्याआधी तो आत फुंकर मारायचा,
भट्टीतली ठिणगी मागं लागून आल्यासारखी.

मैदान तापलेलं. गवत नावापुरतं, कॉर्नरच्या निशाणाजवळ.
बाकीचे एकवीस धुरळा करत पळायचे,
हा मधोमध, मान वळवत,
रंकाळ्यावर फिरायला आल्यासारखा.
"ए दस्त्या, पळ की! झोपलास व्हय?"
हलगी थांबली की शिवी नीट ऐकू यायची.
जिंकलं तर गंगावेशीत दूध,
हरलं तर तेच दूध, गप्प बसून प्यायचं.
त्याचं म्हणणं एकच:
"बॉल पळतोय न्हवं? त्याला दम लागत न्हाई."

मग चेंडू यायचा, पायाला टेकायचा न टेकायचा,
आणि जिथं कुणीच नाही
तिथं निघून जायचा.
दोन श्वासांनी तिथं विलास असायचा.

मी लिहायचो: गोल, विलास सरनोबत, एकतिसावं मिनिट.

एकदा मध्यरात्री तालमीच्या टीव्हीवर
फेरो नावाच्या बेटांची मॅच लागली होती.
पाऊस आडवा, मैदानाला लागून डोंगर, डोंगरावर मेंढरं.
निवेदक सांगत होता, हा सुतार आहे,
हा मासळीच्या कारखान्यात,
आणि सगळ्या देशाची माणसं
आपल्या चार-दोन पेठांत मावली असती.
पाच शून्यानं हरत होते बिचारे.
पोरं हसून हसून झोपायला गेली.
दस्तगीर त्यांच्या सहा नंबरकडं बघत बसला.
"ह्येची उद्या सकाळची पाळी असणार," म्हणाला.
मग बऱ्याच वेळानं,
"पण पास बघ. पाच खाऊन बी घाई न्हाई."

त्याचा शेवटचा सामना कुठला, ते वहीवरून कळत नाही.
हार नाही, नारळ नाही.
गुडघ्यात पाणी झालं, एक हंगाम बाकावर गेला,
पुढच्या पानावर सहा नंबरला
दुसरं नाव आहे. अक्षर माझंच.

परवा स्टेडियममागच्या टपरीवर भेटला.
चहा बशीत ओतता ओतता, वर न बघता:
"त्या फायनलला माझा एक पास आखूड पडलेला.
शेवटची दोन मिनिटं. त्यांच्या नऊ नंबरनं पळवला.
ते लिवलंस का?"

म्हटलं, गोल नऊ नंबरच्या नावावर आहे.
तुझं काही नाही. रकानाच नव्हता.

मला वाटलं, सुटला.
चोवीस वर्षं हेच घेऊन फिरत होता की काय हा माणूस.
त्यानं बशी ठेवली, ओठ पुसले.
"मग लिव की आता," म्हणाला.
"समासात बसंल.
दस्तगीर मणेर, आखूड पास. एवढंच लिव."

मी हो म्हटलं.
खिशाला पेन होतं, तेही चाचपलं.
नोंदी कॉम्प्युटरवर गेल्याला सहा वर्षं झाली,
जुन्या वह्या कुठं आहेत कुणाला ठाऊक नाही,
हे त्याला सांगायचं राहून गेलं.